चार म्हशींचा रस्ता

रुंदी : चार म्हशी

हुच्च्यांच्या घरात रुंदी म्हशींत मोजतात. घराचं दार एका म्हशीचं, गल्ली दोन म्हशींची. मल्लूच्या लग्नाचा मांडव सोळा म्हशींचा होता असं अण्णा अजून सांगतात, आणि ऐकणारा गवळी असला तर त्याच्या डोळ्यांपुढं तो मांडव उभा राहतो.

या घरातली थोरली मुलगी नीलांबिका शहर-नियोजक झाली. ती मीटर शिकली, सेंटिमीटर शिकली. तरी नवा रस्ता पाहिला की तिच्या मनात आधी म्हशी येऊन उभ्या राहत, आकडा त्यांच्या मागून येई.

उंबरगी शहराच्या जुन्या वेशीपाशी गवळ्यांचा दूधकट्टा आहे. दिवस कलला की बसाप्पा हुच्चे, म्हणजे अण्णा, आपल्या म्हशी चालवत तिथं आणतात. गिऱ्हाईक समोर उभं, म्हैस समोर उभी. अण्णांचा मुलगा मल्लू चरवी धरून बसतो, धार काढतो, आणि फेसाळ, कोमट दूध तिथंच पेल्यात पडतं. तालमीतली पोरं येतात, बँकेतून सुटलेल्या बायका येतात, निवृत्त झालेले देसाई मास्तर येतात. पेला रिकामा झाला तरी कुणी हलत नाही. दूध हे निमित्त. माणसं तिथं उभं राहायला येतात.

कट्टा चार म्हशींचा होता. गोष्ट इथून सुरू करायची, कारण इथूनच तो कमी व्हायला लागला.

रुंदी : केसाइतकी

थांबा. आधी रस्ता सांगायला हवा, नाहीतर पुढचं कळणार नाही.

उंबरगीच्या प्रत्येक रस्त्याखाली केसाएवढा जाड काचेचा तंतू पुरलेला आहे. त्यातून प्रकाशाचे ठोके सतत धावत असतात. वर कुणी पाऊल टाकलं की जमीन किंचित दबते, तंतू तेवढाच ताणला जातो आणि परत येणारा प्रकाश बदलतो. त्या बदलावरून वर काय आहे ते कळतं: बस, सायकल, चप्पल, म्हाताऱ्याची काठी. प्रत्येकाची चाल वेगळी, म्हणून खूणही वेगळी. कॅमेरा नाही, फोनवर पाळत नाही, कुणाचं नाव-गाव नाही. फक्त पावलं. ही कल्पना नीलांबिकेची.

पावलाला पाऊल जोडत गेलं की फेरी तयार होते. माणूस निघाला, चालला, एखाद्या दारात शिरून नाहीसा झाला, की फेरी पुरी. आणि पावलं भर रस्त्यातच थांबली तर? फेरी अडकली. अडकलेल्या फेऱ्या कमी करायच्या, एवढंच काम रस्त्याला दिलेलं होतं. त्यासाठी त्याला हातही दिले होते. पदपथाची कड सरकत्या ठोकळ्यांची होती. ज्या ठिकाणी माणसं अडकत तिथं चालायची वाट रुंद करायला रस्ता आपण होऊन कड हलवी, कधी बोटभर, कधी वीतभर. अडकलेल्याच्या पायापुढं जमिनीत हिरवा बाणही उमटे: इकडून निघा.

आणि त्याला माणसाचा हात लागत नव्हता. कुणाच्या बंगल्यासमोर तो अदबीनं वळत नव्हता, कुणाचं दुकान वाचवायला पोट आत घेत नव्हता. “ह्या रस्त्याला वशिला चालत नाही,” असं नीलांबिका उद्घाटनाच्या भाषणात म्हणाली. लोकांनी ते वाक्य रिक्षांच्या मागे रंगवून घेतलं. उंबरगीच्या रिक्षांवर त्याआधी फक्त देव आणि पैलवान असत.

अण्णांनी ते भाषण कट्ट्यावर उभं राहून ऐकलं. शेवटचं वाक्य संपल्यावर त्यांनी हरणीच्या पाठीवर थाप मारली. हरणी ही त्यांची सगळ्यात लाडकी म्हैस. लेकीच्या पाठीवर द्यायची थाप त्यांना अशीच देता आली असावी.

रुंदी : तीन म्हशी

मल्लूचा फोन ऑफिसात आला.

“अक्का, तुझा रस्ता आमच्या अंगावर आलाय.”

“म्हणजे काय झालं?”

“मोरणीला उभं राहायला जागा न्हाई. कड पुढं सरकलीया.”

“मोजून बघितलास?”

“मोजलं की. चार आणल्या, तीन मावल्या. अजून कसं मोजायचं?”

संध्याकाळी ती गेली. ऑफिसात ती ‘आले-गेले’ बोलायची. वेशीच्या आत शिरली की कोल्हापूरकडच्या सगळ्या पोरींसारखी ‘आलो-गेलो’वर यायची. कड खरंच पुढं आली होती. चौथी म्हैस मोरणी भिंतीपाशी एकटी उभी होती, वर्गाबाहेर काढल्यासारखी.

“अण्णा, मी बघतो काय झालंय ते.”

“बघ की,” अण्णा म्हणाले. “पण हात लावू नगंस.”

“का?”

अण्णांनी हनुवटीनं समोरून जाणारी रिक्षा दाखवली. तिच्या मागे काय लिहिलेलं होतं ते सांगायला नको.

रुंदी : दोन म्हशी

रस्ता सरकत राहिला. ठोकळे सरकताना जमिनीत बारीक थरथर व्हायची. माणसांना ती जाणवत नसे, म्हशींना जाणवे. हरणी पान्हा चोरू लागली. मल्लू कास धुवायचा, चुचकारायचा, लहानपणी आजोबा म्हणायचे ते गाणं म्हणायचा. हरणी दोन धारा देऊन बंद. गिऱ्हाइकं रिकामे पेले घेऊन उभी. ती जितका वेळ जास्त उभी राहत, तितका रस्ता जास्त पुढं येई.

त्याच आठवड्यात आयुक्तांनी नीलांबिकेला बोलावलं. ते खुशीत होते.

“हुच्चे मॅडम, आपला रस्ता तपासायला समिती येतेय. डॉक्टर निर्मला कारखानीस स्वतः. त्यांची सही झाली की आपला रस्ता जसाच्या तसा चाळीस शहरांत जाणार. नियमाला मोहोर लागणार, मग त्यात कुणालाच बदल करता येणार नाही. पहिलं शहर कोणतं? उंबरगी! नियोजक कोण? आपण!”

तिच्या अंगावर काटा आला. अभिमानाचा होता, हे तिनं स्वतःशी कबूल केलं. चाळीस शहरांतले रस्ते तिच्या डोळ्यांपुढून गेले, आणि प्रत्येकाच्या कडेला एकेक म्हैस उभी दिसली.

यंत्रणेत एक कळ होती: ‘जागा राखीव’. आग, पूर, पडकी भिंत अशा वेळेसाठी. ती दाबली की तेवढा तुकडा रस्ता सोडून देई. नीलांबिका त्या कळीवर बोट ठेवून बराच वेळ बसली, मग उठून घरी गेली.

“अण्णा, मी कळ दाबतो.”

“आणि?”

“कट्टा ऱ्हाईल.”

“आणि उद्या ते नगरसेवक आले, माझ्या मेव्हण्याच्या हाटेलापुढं पण दाबा म्हणून, तर काय सांगशील?”

अण्णा तिच्याकडं वळले.

“माझ्यासाठी दाबलंस तर लोकांना दूध गोड लागंल व्हय?”

“मग हरकत नोंदवा! अर्ज द्या! कायद्यानं सुनावणी होते, सगळ्यांची होते!” तिचा आवाज चढला.

“माझ्या पोरीकडं अर्ज? म्या?” अण्णा उठले. त्यांचा डावा पाय किंचित ओढत चालतो. जुन्या कुठल्या तरी म्हशीची लाथ. दारात जाऊन ते थांबले. “तुझ्या आईला सांगितलं हुतं म्या, पोरगी असा रस्ता बांधंल की आपल्यालाबी त्यावरनं सरकावं लागंल. खोटं पडू दे असं वाटत हुतं. न्हाई पडलं.”

त्यांच्या आवाजात तक्रार होती की कौतुक, हे तिला त्या संध्याकाळी कळलं नाही.

रुंदी : एक म्हैस, तीही तिरकी

डॉक्टर कारखानीस ठेंगण्या, पिकल्या केसांच्या बाई होत्या. त्यांनी गाडी नाकारली आणि सबंध शहर पायी पाहिलं. शाळेपाशी पदपथ फुगताना पाहिला, बाजारात गाडीवाट आकसताना पाहिली. बसथांब्यावर त्या मुद्दाम रांगेत उभ्या राहिल्या. आयुक्त त्यांच्या मागे घाम पुसत चालत होते. बाईंच्या चेहऱ्यावर काही उमटत नव्हतं, फक्त एकदा त्या म्हणाल्या, “सुंदर आहे.” नीलांबिकेला तेवढं पुरलं.

वेशीपाशी आल्यावर त्यांना म्हैस दिसली.

“हे काय? इथे दूध काढून देतात? मला हवं.”

कट्ट्यावर त्या दिवशी एकटी हरणी मावली होती, ती पण आडवी-तिडवी. अण्णांनी लेकीकडे पाहिलंसुद्धा नाही. ते स्वतः धारेला बसले. कशी कोण जाणे, हरणीनं पान्हा सोडला. बाईंनी पेला तोंडाला लावला, ओठांवर फेसाची मिशी आली, आणि त्या देसाई मास्तरांशी बोलू लागल्या. मास्तर त्यांना म्हणाले, “घाई करू नका, दुसरा पेला पहिल्यापेक्षा चांगला असतो.”

“हे काय चाललंय पायाखाली?” बाई एकदम म्हणाल्या.

त्यांच्या चपलेपुढं हिरवा बाण उमटला होता. इकडून निघा.

“बाई, रस्त्याला वाटतंय तुम्ही अडकलात,” नीलांबिका म्हणाली.

“मी कुठे अडकले? मी दूध पितेय.”

रस्त्याला काय दिसतं ते दाखवणारी पडद्याची पाटी नीलांबिकेच्या हातात होती, तिच्यावर तिनं पाहिलं. बाईंचा ठिपका लाल, म्हणजे अडकलेला. मास्तरांचा लाल. तालमीतली पोरं लाल. आणि सगळ्यांच्या मधोमध एक जुना, गडद लाल डाग, डावा पाय ओढणारा. रस्त्याच्या हिशेबी अख्ख्या उंबरगीत याच्याइतका अडकलेला माणूस दुसरा नव्हता. रोज संध्याकाळी येऊन अडकायचा.

रस्ता कट्ट्याचा वैरी नव्हता. त्याला कळवळा आला होता. एवढी माणसं बिचारी रोज इथं खोळंबतात, असं त्याला दिसत होतं, आणि तो आपल्या परीनं त्यांची सुटका करत होता.

तिनं बसथांब्यावरची बाईंची पावलं पाटीवर मागं जाऊन पाहिली. तिथंही त्या लालच होत्या. पण ती खूण निराळी होती. थांब्यावर त्यांचं वजन पुढं, बोटांवर होतं. दर काही क्षणांनी ते इकडून तिकडं होत होतं. इथं ते मागं होतं. स्थिर. खोल. टाचा टेकल्या होत्या.

तिनं रस्त्याला जाणं शिकवलं होतं, अगदी बारकाईनं शिकवलं होतं.

पोहोचणं मात्र

कुणी

शिकवलंच

नव्हतं.

“बाई,” ती म्हणाली, “सही करू नका.”

आयुक्तांनी तिला बाजूला ओढलं. “हुच्चे मॅडम! हा कट्टा तुमच्या वडिलांचा ना? काय दिसेल हे?”

ती मोठ्यानंच बोलली, म्हणजे बाईंना ऐकू जावं. “हो, माझ्या वडिलांचा आहे. म्हणून मला दिसलं, हेही खरं. पण चूक ह्या कट्ट्याची नाही, नियमाची आहे. रस्त्यावर थांबलेला प्रत्येक माणूस त्याला अडकलेला वाटतो. आज मोहोर लागली तर चाळीस शहरांत जिथं जिथं माणसं उभी राहून बोलतात, त्या सगळ्या जागा तो खाऊन टाकील. प्रेमानं खाईल, पण खाईल.”

कारखानीस बाईंनी ओठांवरचा फेस रुमालानं पुसला. “सही थांबली की वर्ष जाईल. पहिल्या शहराचा मान दुसऱ्याला द्यावा लागेल. चालेल तुम्हाला?”

“नाही चालणार बाई,” नीलांबिका म्हणाली. “पण चालवून घेईन.”

अण्णा हरणीच्या पलीकडे होते. त्यांचं फक्त पागोटं दिसत होतं. ते हललं नाही.

रुंदी : शून्य

दुसऱ्या दिवशी कट्ट्यावर एकही म्हैस नव्हती.

ती गोठ्यावर धावली. अण्णा वैरण टाकत होते.

“म्हशी का न्हाई आणल्या? आता तर मी रस्त्याला शिकवायला घेतलंय!”

“म्हणूनच की. म्या तिथं उभा असलो तर लोक म्हणतील, पोरीनं बापाकडं बघून रस्ता वळवला. आमचा कट्टा सोडून बाकीचं गाव मोज.”

“आणि तोवर रस्त्यानं तुमची जागा खाल्ली तर?”

“खाऊ दे. वशिला नव्हता एवढं तरी कळंल.”

“अण्णा, पिढ्यान् पिढ्यांचा कट्टा हाय तो.”

“आणि रस्ता कुणाचा हाय?” अण्णांनी वैरणीची पेंढी खाली ठेवली. “कट्टा माझ्या आज्जानं मांडला. रस्ता माझ्या पोरीनं केला. दोन्ही घरचंच हाय. त्यातलं एक डागलं तर चालंल व्हय?”

वेशीपाशी रस्त्यानं उरलेली जागाही घेतली. ज्या ठिकाणी मल्लू धारेला बसायचा तिथून सायकली जाऊ लागल्या.

नीलांबिका शहरभर फिरली. तिच्यासोबत कॉलेजची मुलं होती. न्हाव्याच्या दुकानाबाहेरचा बाक, वाचनालयाच्या पायऱ्यांपाशी उभ्या मुली, मशिदीच्या कोपऱ्यावर उभ्या उभ्या भांडणारे दोन जुने मित्र. जिथं माणूस थांबे तिथं ती विचारी, अडकलात की पोहोचलात? लोक हसायचे, मग विचार करून उत्तर द्यायचे. ते उत्तर ती रस्त्याला सांगे, आणि रस्ता त्याच्याशी टाचा आणि बोटं ताडून पाही. रुग्णालयाच्या दारातल्या नातेवाइकांच्या टाचा कधीच टेकत नव्हत्या. त्यांना विचारायला तिचं तोंड उघडलं नाही. ती अडकलेली होती, पण त्यांना बाण दाखवायचा नसतो. हे तिनं रस्त्याला वेगळं शिकवलं.

रस्ता हळूहळू शिकला. कुठं त्यानं बाकापुढं हातभर जागा सोडली, कुठं झाडाभोवतीची कड गोल केली. शहराचा सरासरी वेग घटला. ‘उंबरगी मंदावली’ असा मथळा छापून आला. पहिल्या शहराचा मान दुसऱ्या गावाला गेला आणि आयुक्तांनी तिला चहाला बोलावणं बंद केलं. वेशीपाशी मात्र ती एकदाही गेली नाही. तिथलं एकही पाऊल तिनं रस्त्याला शिकवलं नाही.

रुंदी : मोजली नाही

दिवाळीचा पाडवा. उंबरगीच्या गवळ्यांचा हा मिरवायचा दिवस. शिंगं रंगवायची, गळ्यात कवड्यांचे पट्टे, कपाळावर मोरपीस. मालक मोटारसायकलवर पुढं, म्हैस त्याच्या आवाजामागं धावत. आता पेट्रोलच्या गाड्या उरल्या नव्हत्या, म्हणून मल्लूनं बॅटरीच्या गाडीला जुन्या फाटक्या सायलेन्सरचा आवाज भरून घेतला होता. त्याशिवाय हरणी पाऊल उचलत नसे.

त्याचा फोन आला तेव्हा मागं तोच आवाज फडफडत होता.

“अक्का, कट्ट्यावर ये! आत्ताच्या आत्ता! कड मागं कुणी घेतली?”

“मी न्हाई.”

“मग कुणी?”

ती पोहोचली. कड खरंच मागं गेली होती. तिनं पाटीवर तपासलं: हाताची नोंद नाही. ‘जागा राखीव’ची कळ कुणी दाबली नव्हती. मग तिला पावलं दिसली. गेले कित्येक आठवडे, म्हशी नसताना, दुधाचा थेंब नसताना, देसाई मास्तर रोज संध्याकाळी इथं येऊन उभे राहिले होते. तालमीतली पोरं आली होती. बँकेतल्या बायका आल्या होत्या. सायकलींना वाट देत, भिंतीला चिकटून, गप्पा मारून गेल्या होत्या.

“मास्तर, तुम्ही कशाला येत होता इथं? दूध तर न्हवतं.”

“दूध नव्हतं,” मास्तर म्हणाले, “पण वेळ झाली होती ना.”

टाचा टेकल्या होत्या. रस्त्यानं त्या ओळखल्या होत्या, कुणी न सांगता, न शिकवता. दुसरीकडं शिकलेलं त्यानं इथं वापरलं होतं.

तेवढ्यात वेशीतून आरडाओरडा उठला. मल्लूची गाडी फाटक्या आवाजात पुढं, मागं हरणी, शिंगं लाल, अंगावर तेलाची झळाळी, तिच्यामागं मोरणी आणि बाकीच्या. लोक भिंतींना लागून टाळ्या वाजवत होते. म्हशींच्या पुढं पुढं रस्त्याची कड दोन्ही बाजूंनी मागं सरत होती. ती थरथर हरणीच्या खुरांना लागली असणार. ती बुजली नाही, उलट मान वर करून आली.

सगळ्या म्हशी कट्ट्यावर उभ्या राहिल्या. पोटाला पोट न लागता. वर जागा उरली. किती, ते कुणी मोजलं नाही.

अण्णा पागोटं सावरत आले. एका अनोळखी पाहुण्यानं विचारलं, “काय हो, हा असला रस्ता कुणी केला?”

“पोरीनं माझ्या,” अण्णा म्हणाले. मग गळा साफ करून, सबंध वेशीला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाले, “वशिला चालत न्हाई त्याला!”

ते धारेला बसले. हरणीनं हात लागताच पान्हा सोडला. पहिला पेला त्यांनी लेकीपुढं धरला. नीलांबिका पाटीवरचे ठिपके पाहत होती.

“अण्णा, एक मिनिट, हे बघून घेतो.”

“रस्ता कुठं पळून जातोय व्हय? ठेव ती पाटी. टाचा टेक आणि पी.”

तिनं पाटी पिशवीत टाकली. पेला गरम होता. ती प्यायली, उभी राहिली, मास्तर सांगत होते ते ऐकत राहिली. मधेच सवयीनं तिची नजर खाली गेली.

पायाखाली बाण उमटला नव्हता.